भेटीगाठींना परवानगी नाही

आधीच सांगून टाकतो, मित्रांनो. मी भोंगा आहे, जुना आहे आणि माझा घसा कायमचा बसलेला आहे. मिरवणुकीत गाडीवर चढून बसतात ते भोंगे माझे श्रीमंत भाऊबंद. मी हातात धरायचा, मुठीशी खटका असलेला, पोटात आठ सेल घालून बोलणारा साधा भोंगा. खटका दाबला की मी ओरडायचं, सोडला की गप्प बसायचं. काय ओरडायचं ते मला कधी कोणी विचारलं नाही. विचारलं असतं तर माझं निम्मं आयुष्य शांततेत गेलं असतं.

माझा जन्म कोणत्या कारखान्यात झाला ते मला ठाऊक नाही. पहिली आठवण आहे ती यवतमाळच्या एका दुकानातल्या काचेच्या कपाटाची. तिथून मला वामनराव गुरुजींनी नेलं. ते मारेगाव तालुक्यातल्या एका शाळेचे मुख्याध्यापक होते. शाळेत माझी पूजा झाली, मला हार घातला, कुंकू लावलं. ते कुंकू माझ्या जाळीत गेलं आणि अजून निघालेलं नाही. पुढची पंधरा वर्षं मी कवायत घेतली, प्रभातफेरीत घोषणा दिल्या, सव्वीस जानेवारीला पाहुण्यांची लांबलचक नावं घेतली. मुलं मधल्या सुट्टीत माझ्यात तोंड घालून कोंबड्यासारखी आरवायची. एकाने तर माझ्यात भुईमुगाची टरफलं भरून ठेवली, आणि गुरुजींनी मला उचलताच ती पहिल्या रांगेवर सांडली. शिक्षा त्याला झाली, पण ठोकून ठोकून साफ मला केलं.

गुरुजी निवृत्त झाले तेव्हा शाळेने त्यांना शाल दिली, नारळ दिला आणि मला दिलं. शाळेत नवा साउंड आला होता, त्यामुळे मी आता अडगळच होतो. निरोपाच्या भाषणात हे कोणी बोललं नाही. यवतमाळच्या घरात गुरुजींना बसवेना. घरी आलेल्या पाहुण्यांनासुद्धा ते एखाद दिवस रांगेत उभं करतील अशी धास्ती त्यांच्या पत्नीला, इंदुताईंना, वाटू लागली. शेवटी त्याच म्हणाल्या की माणसं हाकायची एवढी हौस आहे तर ती घराबाहेर हाका. असं आमचं 'एक दिवसाचं नागपूर दर्शन' सुरू झालं.

म्हणजे पहाटे पाचला चोवीस माणसं घेऊन यवतमाळहून एक छोटी ट्रॅव्हल्स निघते. नागपुरात नऊ ठिकाणं पाहायची. गुरुजी त्यांना पॉइंट म्हणतात, आणि प्रत्येक पॉइंटला मिनिटं नेमून दिलेली आहेत. झिरो माइलच्या खांबाला दहा, दीक्षाभूमीला चाळीस, तलावाला वीस, तलावाकाठच्या बागेला पंधरा आणि सगळ्यात शेवटी मेट्रोची एक फेरी. शहर दाखवायचं काम गुरुजींचं, घसा माझा. मी ओरडतो इकडे पाहा, लोक तिकडे पाहतात. मी खांबाचा इतिहास सांगतो, लोक खांबाला टेकून फोटो काढतात आणि विचारतात की बाथरूम कुठे आहे. मी काय नागपूरचा आहे?

पण सगळ्यात मोठा ताप म्हणजे नातेवाईक. यवतमाळ जिल्ह्यात असं एक घर दाखवा, ज्याचं नागपुरात कोणी नाही. एका खेपेला एक गृहस्थ पाच मिनिटांत येतो सांगून साडूकडे चहाला गेले. साडूने त्यांना जेवल्याशिवाय सोडलं नाही. बाकीचे सगळे तीन तास गाडीत घामाघूम, आणि मी त्यांचं नाव पुकारून पुकारून थकलेला. गृहस्थ आले ते पान चघळत, हातात साडूने दिलेली संत्र्यांची पिशवी. उशीर झाला काय, असं त्यांनी वर आम्हालाच विचारलं. त्या दिवशी गुरुजींनी नियम केला. गाडी सुटताना मी तो तीनदा ओरडतो. वैयक्तिक भेटीगाठींना परवानगी नाही.

ही गोष्ट या संक्रांतीनंतरची आहे. कापसाची वेचणी आटोपली होती आणि लोक जरा मोकळे झाले होते. महागावकडच्या एका बंजारा तांड्यावरून दोन माणसं आदल्या दिवशीच एसटीने यवतमाळला येऊन राहिली होती. एक तांड्याचे नायक नेमसिंग आणि दुसरी साठी उलटलेली जमनीबाई. दोघं आपसात त्यांच्या गोरबोलीत बोलायची आणि आमच्याशी वऱ्हाडीत. जमनीबाई अगदी पुढच्या सीटवर बसली. मी नियम ओरडलो तेव्हा तिने मान खाली घातली. मला वाटलं, चला, एक तरी शिस्तीची सवारी मिळाली.

मला नंतर कळलं, पण तुम्हाला आत्ताच सांगतो. आम्ही ज्या बागेला पंधरा मिनिटं देतो तिथे तिची धाकटी बहीण सकरी झाडांना पाणी घालायच्या कामावर आहे. सकरीचा नवरा अंगावरून वारं गेल्यामुळे अंथरुणाला खिळलेला, त्याला टाकून तिला तांड्यावर येता येत नव्हतं. जमनीबाईला एकटीने नागपूर गाठायचा धीर होत नव्हता. फोनवर बोलणं व्हायचं, पण एकमेकींचं तोंड पाहून सहा वर्षं झाली होती. आमच्या कागदावर त्या बागेचं नाव आहे, एवढ्यासाठी जमनीबाई आली होती. गुरुजींना हे सांगायची सोय नव्हती. ती सोय आम्हीच काढून घेतली होती.

त्यामुळे ती दर पॉइंटला एकच विचारायची. "सर, बगिचा कवा येते?"

आणि तिच्या मागच्या सीटवर मारेगावच्या बेबीताई. घरची कापसाची आणि तुरीची शेती, हातात नवा फोन. आई मेट्रोत बसणार यावर त्यांच्या लेकीचा, निकिताचा, विश्वास नव्हता. तिला व्हिडिओ पाठवायचा होता. म्हणून त्या दर पॉइंटला विचारायच्या की मेट्रो कधी आहे. एक बगिचा म्हणते, दुसरी मेट्रो म्हणते, आणि मधल्या पॉइंटचं माहात्म्य मी वाऱ्याला सांगतोय. असं वाटत होतं की दोघींना एकेका खांबाला बांधावं आणि आपण गाडीत जाऊन झोपावं.

त्यात त्या दिवशी आम्हाला पाऊण तास उशीर झाला. तलावावर दोन जण भजी खायला जे गेले ते दिसेनातच. साडेतीनला गुरुजींनी कागद पाहिला, घड्याळ पाहिलं आणि माझा खटका दाबला. मी ओरडलो की वेळेअभावी बागेचा पॉइंट रद्द करण्यात येत आहे.

जमनीबाई चालत्या गाडीत उभी राहिली. ड्रायव्हरजवळ गेली आणि त्याला गाडी थांबवायला सांगितलं. मग गुरुजींकडे वळून म्हणाली, "सर, मले इथंच उतरून द्या. मंग तुम्ही खुशाल जा."

आवाज चढलेला नव्हता. पण एवढ्या वर्षांत गुरुजींना वर्गात असं कोणी बोललं नव्हतं. ते गडबडले. एका बाईला फुलांचं एवढं वेड असेल असं त्यांना वाटलं नव्हतं, मलाही नाही. त्यांनी बागेला पाच मिनिटं मंजूर केली.

बागेच्या फाटकातून आत गेल्यावर उजव्या हाताला एक बाई रबरी नळी धरून उभी होती. तिने जमनीबाईला पाहिलं आणि नळी हातातून सोडून दिली. दोघी एकमेकींच्या गळ्यात पडल्या. आणि मग दोघींनी जो गळा काढला तो मी जन्मात ऐकला नव्हता. ते नुसतं रडणं नव्हतं. त्याला सूर होता. एक थांबली की दुसरी उचलायची, शब्द लांब ओढायची, आणि पुन्हा दोघी मिळून. "याडी ये, मार याडी." सगळी बाग वळून पाहू लागली. माझ्या आठ सेलांना जमलं नसतं एवढं ते लांब गेलं.

नेमसिंग तेवढ्यात बाथरूम शोधायला गेले होते. गुरुजींची सगळी नोकरी मारेगावकडे झालेली, तांड्यावरच्या बायकांची भेट त्यांनी कधी पाहिली नव्हती. ते धावत गेले, काय झालं विचारलं. जमनीबाईने रडणं न थांबवता पुन्हा याडी म्हटलं. गाडीतल्या कोणीतरी सांगितलं की याडी म्हणजे आई. गुरुजींनी ताडलं की फोनवर निरोप आला असणार.

अशा वेळी काय करायचं हे मुख्याध्यापकाला एकच माहीत असतं. त्यांनी सगळ्यांना दोन रांगांत उभं केलं आणि मला तोंडाला लावलं. मी ओरडलो, "जमनीबाईंच्या मातोश्रींचं आत्ताच दुःखद निधन झालं आहे. सर्वांनी दोन मिनिटं स्तब्ध उभं राहावं." बावीस माणसांच्या माना खाली गेल्या. बाकावरचं एक जोडपं उठून उभं राहिलं. फुगेवाल्याने टोपी काढली. फक्त ज्यांच्यासाठी हे चाललं होतं त्या दोघी स्तब्ध राहायला तयार नव्हत्या. गुरुजी घड्याळ धरून उभे, आणि मी मनात म्हणतोय, आता मेट्रो गेली, अंधार पडणार, सगळं खापर माझ्या डोक्यावर.

नेमसिंग परत आले तर आख्खी गाडी मान खाली घालून उभी. बिचारे तेही रांगेच्या शेवटी जाऊन मान खाली घालून उभे राहिले. मग त्यांनी शेजारी बेबीताईंना हळूच विचारलं की कोण गेलं. ऐकलं आणि तडक गुरुजींपाशी आले.

"सर, ते म्हातारी मेली त्याले चार वर्सं होऊन गेले."

गुरुजींचं बोट खटक्यावरच राहिलं होतं. ते वाक्य माझ्या तोंडून सगळ्या बागेने ऐकलं. गुरुजींनी पुढे जे विचारलं तेही ऐकलं. "मंग ह्या आता कायले रडून राह्यल्या?"

"तवा रडाचं राहून गेलतं न, सर," नेमसिंग म्हणाले. "लॉकडाउन होतं. सकरी निंगालती, पण तिले नाक्यावरून वापस धाडलं."

मग त्यांनी समजावून सांगितलं. तांड्यावर सासरी गेलेली बहीण खूप दिवसांनी भेटली की बायका गळ्यात पडून अशाच सुरात रडतात. मधल्या काळात जे घडलं, जे गेलं, ते सगळं त्या रडण्यात एकमेकींना सांगतात. आई गेली असेल तर ते मुलींनी मिळून रडायचं असतं. एकटीने रडलेलं धरत नाहीत. फोनवर तर ते होतच नाही. म्हणून म्हातारीचं रडणं चार वर्षं तसंच राहून गेलं होतं.

मित्रांनो, माझ्या नोकरीतली एक गोष्ट मी वर मुद्दाम सांगितली नाही. त्या साली शिक्षकांना नाक्यावर ड्यूटी होती. गुरुजी तोंडाला फडकं बांधून रस्त्यात उभे असायचे आणि मी उन्हात दिवसभर ओरडायचो, मागे फिरा, पास नसेल तर मागे फिरा. सकरी दुसऱ्या रस्त्याने आली असेल, तो नाका आमचा नसेलही. पण आमच्या नाक्यावर आलेल्या किती बायांनी हात जोडून सांगितलं होतं की घरात मयत झाली आहे. काम म्हणून आम्ही ते केलं, आणि ते करणं भाग होतं हेही खरं. तरी त्या बागेत मला माझ्या आवाजाची लाज वाटली.

गुरुजींनाही ते आठवलं असावं. त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मग त्यांनी खटका सोडला आणि मला काखेत मारलं. मी सोबत असताना ते सगळ्यांशी माझ्याशिवाय बोलले असं पहिल्यांदाच झालं. त्यांचा स्वतःचा आवाज अगदी बारीक आहे. इथं थांबलो तर मेट्रो होणार नाही, असं त्यांनी लोकांना सांगितलं आणि तुमचं काय म्हणणं आहे ते बोला म्हणाले. मी जीव मुठीत धरून बेबीताईंकडे पाहिलं. सकाळपासून त्यांनी डोकं खाल्लं होतं.

"त्याहिचं होऊ द्या, सर," बेबीताई म्हणाल्या. "मेट्रो कुठी पळून चालली काय?"

त्या गेल्या, वाहत्या पाण्याचा नळ बंद केला आणि जमनीबाईच्या बाजूला मातीतच बसल्या. आणखी दोघी-तिघी जाऊन बसल्या. बागेचा मुकादम तरातरा आला तेव्हा नेमसिंगांनी नळ पुन्हा सोडला, नळी उचलली आणि स्वतः झाडांना पाणी घालायला लागले. मुकादमाने दोन्ही बहिणींकडे पाहिलं आणि तो आल्या पावली परत गेला.

पाऊण तास लागला. रडता रडता सूर खाली आला, मग त्याचं बोलणं झालं. कोणाला लेक झाली, कोणती म्हैस विकली, कोणाचं घर पडलं. मग सकरी एकदम कशालातरी हसली. जमनीबाईने फडक्यातली भाकर सोडली आणि दोघींनी ती बेबीताईंनाही दिली. परतीच्या वाटेवर मी एकदाही ओरडलो नाही, आणि जमनीबाई यवतमाळ येईपर्यंत गाढ झोपली होती.

मित्रांनो, शेवटी आपली निगा कशी राखायची ते सांगायची आम्हा जुन्या वस्तूंची पद्धत आहे. तेव्हा सांगतो, काम नसेल तेव्हा माझे सेल काढून ठेवा, नाहीतर पोट गंजतं. मला ओल्या जागी ठेवू नका. पण तुमच्या घरात एखादी आजी असेल, आत्या असेल, जिचं कोणाच्या तरी गळ्यात पडून रडायचं राहून गेलं आहे, तर तिला आधी तिकडे घेऊन जा. ती स्वतः सांगेल याची वाट पाहू नका, ती सांगणार नाही. आणि तिथे पोचल्यावर कोणी वेळ झाली म्हणून ओरडायला लागला, तर त्याच्या तोंडावर सरळ हात ठेवा. तो मी असलो तरी ठेवा.