जवळचं की लांबचं

"आता बघा. हे बरं, की हे?"

"परत दाखवा."

नंबरकाकांनी चाचणीच्या चौकटीतलं भिंग काढलं, फडक्यानं पुसल्यासारखं केलं आणि तेच भिंग पुन्हा घातलं.

"हे! हे एकदम झकास," खुर्चीतला ट्रक ड्रायव्हर म्हणाला. "आधीचं भुरकट होतं."

काका हसले नाहीत. त्यांनी चौकट हलकेच उतरवून ठेवली.

"उद्या सकाळी या. तोंड धुऊन, झोप काढून. तुमचे डोळे दमलेत. आता डोळे नाही, तोंड उत्तर देतंय."

"काका, दोन काचांसाठी एवढी उलटतपासणी? घरी बायकोसुद्धा इतके प्रश्न विचारत नाही हो!"

"तिला उत्तरं माहीत असतात," काका म्हणाले. ड्रायव्हर खो खो हसला आणि उद्या येतो म्हणून गेला.

चष्म्याच्या दुकानामागच्या त्या अरुंद खोलीत काकांनी एकोणचाळीस वर्षं हाच एक प्रश्न विचारला होता. नंबर काढणारे म्हणून नंबरकाका. खरं नाव पगारपत्रकापुरतं. त्यांचा आवाज आधीच बारीक, आणि प्रश्न विचारताना तर 'हे' आणि 'हे' यांत केसभराचाही फरक पडू नये म्हणून ते तो जपून वापरत. मालक म्हणायचे, "अहो, जरा चढउतार घ्या. गिऱ्हाईक पेंगतं." पण काका ऐकत नसत. त्याला कारण होतं.

नोकरीच्या पहिल्या वर्षी एक शिंपी आला होता. काकांनी त्याला मोठ्या उमेदीनं विचारलं होतं, "हे बरं वाटतंय ना?" शिंपी म्हणाला, हो. चष्मा झाला. सहा महिन्यांनी तो कपाळाला फडकं बांधून परत आला. सुईत दोरा ओवताना डोकं ठणकायचं. काका घाबरून म्हणाले, "पण तुम्हीच तर बरं म्हणालात!"

"तुम्ही इतक्या मायेनं विचारलंत साहेब," शिंपी म्हणाला, "नाही कसं म्हणायचं? आणि खरं सांगू, तुम्ही बरं म्हणालात तेव्हा मला बरं दिसायलाही लागलं होतं."

भांडला नाही, ओरडला नाही. नवा चष्मा घेऊन उलट नमस्कार करून गेला. त्या माणसाचे उपकार काका अजून मानत. माणूस आपली आवड खिशात घालून येत नाही. बरेचदा ती प्रश्न विचारताना तिथंच घडते, आणि विचारणाऱ्याच्या हाताचा ठसा तिच्यावर उमटतो, हे त्यानं शिकवलं होतं. चोरून तेच भिंग दोनदा दाखवायची सवयही तेव्हापासूनची.

आता मात्र खुर्चीत बसायची पाळी काकांवरच आली होती. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू. उजव्याचं ऑपरेशन गुरुवारी, डाव्याचं महिनाभरानं. काकांचा नंबर लहानपणापासून मोठा. लांबचं सगळं चष्म्यातून, पण चष्मा काढला की वीतभर अंतरावरचं लख्ख दिसायचं. गेल्या दोनेक वर्षांत तेही धुक्यात गेलं. डॉक्टरीणबाईंनी तपासून शांतपणे सांगितलं होतं, "आत जे भिंग बसवू ते एकाच अंतराचं. लांबचं घेतलंत तर बाहेर चष्मा नको, पण हातातलं काही बघायचं तर लागेल. जवळचं घेतलंत तर उलट. दोन्हींत चूक काही नाही. फक्त एकदा बसवलं की सहसा बदलत नाही आम्ही."

चूक काही नाही, हेच तर संकट होतं. एक बाजू चुकीची असती तर काकांनी दुसरी धरली असती.

मालक म्हणाले, लांबचं. परगावाहून मुलाचा फोन आला, "बाबा, सगळे लांबचंच घेतात. जन्माचा चष्मा सुटेल. बरं ना?" शेजारचे घड्याळदुरुस्तीवाले स्वतः दिवसभर डोळ्याला भिंग लावून बसायचे, तेही म्हणाले, "लांबचंच घ्या, रुबाब वाटतो." ऐकावे जनाचे, करावे मनाचे, हे काकांना पाठ होतं. पण मन काय म्हणतंय ते ऐकू तर यायला हवं! बुधवारी सकाळी दवाखान्यातून फोन आला, "काका, संध्याकाळपर्यंत सांगा हं. भिंग मागवायचं असतं."

काका त्या दिवशी लवकर घरी निघाले. जाताना मालकांना विचारून चाचणीची चौकट आणि दोन भिंगं पिशवीत घातली.

काकू गॅलरीत दोरीवरचे वाळलेले कपडे काढत होत्या. त्या झटक्यात ठरवणाऱ्या. पडद्याचं कापड पाच मिनिटांत, मुलाची शाळा एका फेरीत.

"अगं, तूच ठरव," काका दारातूनच म्हणाले.

"पडदे मी ठरवले, गाद्या मी ठरवल्या, तुमचे सदरेसुद्धा मी ठरवले. डोळे तुमचे आहेत."

"तुला काय वाटतं एवढं तरी सांग."

"नाही सांगणार. मला वाटतं ते सांगितलं की घटकाभरात तुम्हालाही तेच वाटायला लागेल. आज ओळखते का मी तुम्हाला?"

शिंप्याची गोष्ट काकांनी काकूंना कधी सांगितली नव्हती.

मग त्यांनी पिशवीतून चौकट काढली. "विचार करून हे कळत नाही. दाखवून विचारावं लागतं. डावा डोळा त्यातल्या त्यात साफ आहे. हे भिंग लांबचं, हे जवळचं. तू घाल आणि विचार. आवाज सारखा ठेव."

"म्हणजे तुमच्यासारखा मेंगळट?"

"अगदी तसाच."

काकूंनी हात पुसले, काकांना गॅलरीतल्या स्टुलावर बसवलं, उजव्या डोळ्यापुढे काळी चकती घातली आणि डाव्यापुढे पहिलं भिंग.

काकांनी रस्त्याकडे पाहिलं. मोतीबिंदूच्या धुरकटपणातूनही रस्ता थेट टोकापर्यंत उलगडला. समोरच्या इमारतीची पाण्याची टाकी, तिच्या कडेवरचा कावळा, पार पलीकडे सायकल ढकलत चाललेला कुणीतरी. चाचणीची चौकट आहे हे विसरून ते म्हणाले, "वा! काय सुरेख आहे गं हे सगळं."

"डोकं हलवू नका, घसरतंय." काकू स्क्रू घट्ट करायला वाकल्या.

"कुठं गेलीस?"

"कुठं जाणार? तुमच्या नाकासमोर आहे."

समोर एक गव्हाळ डाग हलत होता. त्याला डोळे नव्हते, तोंड नव्हतं. आवाज तेवढा काकूंचा होता.

"आता दुसरं," काकू म्हणाल्या आणि भिंग बदललं. रस्ता विरघळला, टाकी गेली, कावळा गेला. डागाच्या जागी अंधूक का होईना, काकू आल्या.

"हे बरं," काकूंनी शक्य तेवढ्या मेंगळट आवाजात विचारलं, "की हे?"

"परत दाखव."

खाटखुट झालं. काका बघत राहिले. मग म्हणाले, "तू तेच घातलंस."

"घातलं. बघत होते, तुमचे डोळे बोलतायत की तोंड. खुर्चीतल्या लोकांचे किस्से रोज जेवताना मलाच ऐकवता ना?"

काका हसले, इतके की चौकट नाकावरून सुटली. आपल्या खुर्चीत बसलेली हजारो माणसं त्यांना आठवली. 'कळत नाही बुवा' म्हणायला न लाजलेली, दहा दहा वेळा 'परत' म्हणणारी. तेवढा भरवसा त्यांनी आपल्यावर टाकला होता.

"कावळा फार छान होता," ते म्हणाले. "पण कावळ्यासाठी चष्मा लावीन मी."

काकूंनी फोन आणून हातात दिला.

"जवळचं," काका फोनवर म्हणाले.

"नक्की ना काका? बहुतेक लोक..."

"नक्की," काका म्हणाले, आणि एवढ्या मोठ्यानं म्हणाले की स्वतःच दचकले.

शुक्रवारी पट्टी काढली. दवाखान्यातून बाहेर पडल्यावर काका पायरीवरच थबकले. रस्ता म्हणजे नुसते रंगाचे शिंतोडे. जुना चष्मा आता त्या डोळ्याला जुळत नव्हता, आणि नवा दोन्ही डोळे झाल्याशिवाय मिळणार नव्हता. बस आली ती तांबड्या भिंतीसारखी. पाटी काकूंनी वाचली. चुकलं की काय, असं वाटून काकांनी काकूंचा दंड घट्ट धरला. काकू नेहमीपेक्षा जरा सावकाश चालल्या.

घरी पोचल्यावर त्यांनी काकांना पलंगावर आडवं केलं. दिवसातून चार वेळा थेंब घालायचे होते.

"वर बघा. हलू नका."

काकू वाकल्या. आणि काकांना दिसलं. भुवया पांढऱ्या झाल्या होत्या. केव्हा, कोण जाणे. हनुवटीवर तीळ होता तिथे आता एक बारीक केसही होता. थेंब नेमका पडावा म्हणून ओठ दाबून धरलेले. बाटलीचा हात कापत होता, आणि तो कापू नये म्हणून त्यांनी दुसऱ्या हातानं त्याचं मनगट पकडलं होतं. हा हात कधीपासून कापतो, हे काकांना माहीत नव्हतं. इतके दिवस तो बिनबोभाट सगळी कामं करत होता.

थेंब पडला.

"झालं. मिटा डोळे."

"जरा थांब," काका म्हणाले. "इतक्यात नको."

काकू झाकण हातात धरून तशाच वाकून थांबल्या.