अंगणातलं काळं पाणी

रामधननं घमेल्यातली राख वाकून अंगणात ओतली, बोटानं तिची वाकडीतिकडी रेघ ओढली आणि म्हणाला, "इथून पुढं पानी, माय."

"किती?" सोजरबाईनं विचारलं.

"मालेगावापासून वाशीमलोक निस्तं पानी. वाशीमपासून रिसोडलोक पानी. अन् तिथं जाऊन उभं राह्यलं, तरी समोर पानीच."

सोजरबाईनं कळशी रेघेच्या पलीकडे उपडी केली. पहाटे सारवलेल्या अंगणात पाणी पसरलं, थोडं मुरलं, थोडं खळग्यांत साचलं.

"झाला तुहा समुद्र. आता चाल पुढं."

तिला नुसतं तोंडी सांगितलेलं चालत नसे. बाजारात ज्वारी घ्यायची तीसुद्धा दाणा दाताखाली फोडून. काल दिवे लागायच्या वेळी रामधन दारात उभा राहून म्हणाला होता, "हाये माय, तुहा लेक जगदेव हाये. बरा हाये." तेवढ्या शब्दावर दुसरी एखादी म्हातारी रडून मोकळी झाली असती. सोजरबाईनं त्याला भाकर वाढली, पाणी दिलं, ओट्यावर वाकळ टाकून दिली. रात्रभर तो 'हाये' तिनं दाताखाली धरून पाहिला, आणि तो तिला पोचट लागला. उजाडताच ती म्हणाली, "मी काई तिथं येत नाई. तूच ते इथं आन. काय कुठं हाये ते दाव."

रामधनला ते जमण्यासारखं होतं. अंदमानात शेवटची तीन वर्षं त्याच्याकडे तेच काम होतं. जहाजातून उतरलेल्या नव्या कैद्यांची रांग घ्यायची आणि हा धक्का, हा जेल, हे जंगल, असं एका दिवसात सगळं फिरवून दाखवायचं. जर्मनांशी लढाई जिंकली म्हणून सरकारनं काही लोक सोडले, त्यात तो सुटला. सोजरबाईनं त्याची खबर मालेगावच्या बाजारात ऐकली आणि गाडी धाडून त्याला रिसोडकडच्या त्याच्या गावाहून उचलून आणला.

आज दिवस मावळायच्या आत जानराव यायचा होता. जानराव म्हणजे सून तुळसाचा भाऊ. शंकरपटाच्या शर्यतीत बैल सोडण्यावरून भांडण पेटलं, जगदेवनं जुवाची शिवळ उपसून एकाच्या डोक्यात घातली आणि माणूस जागीच गेला, त्याला अकरा वर्षं झाली. तेव्हा तुळसा सोळाची होती. दुसऱ्या वर्षी एक पत्र आलं, मग काही नाही. गेल्या महिन्यात जानरावनं पंच बसवले. पंचांनी सांगितलं, माणूस जिता असेल तर डोळ्यानं पाहिलेला साक्षीदार उभा करा, पोरगी वाट पाहील. मेला असेल तर तिच्या बांगड्या फोडा, वर्षानं भाऊ तिचा पाट लावील. आणि त्यानंच तिला सोडली असेल तर प्रश्नच नाही, बांगड्या न फोडता कुंकवानिशी माहेरी जाईल.

त्या शेवटच्या बोलावर सोजरबाई उठून उभी राहिली होती. "माह्या लेकानं खून केला," ती भर चावडीत म्हणाली होती. "पन बाईल टाकनाऱ्याच्या जातीतला नाई तो. हे पुन्हा कोन्या तोंडून निघालं तर ते तोंड मी शेनानं भरीन."

घरात आता ती आणि तुळसा, दोघीच. सोजरबाईचे सांधे धरल्यापासून विहिरीचं पाणीसुद्धा तुळसाच आणायची. तुळसा गेली तर चुलीशी कोण, हा विचार सोजरबाईच्या मनात येई. आला की ती तुळसावर उगाच खेकसायची.

"वाहना काढ आधी," ती आता रामधनवर खेकसली. "सारवलेल्या अंगनात चांभाराचं दुकान कायले आनतं?"

रामधन ओशाळून हसला. "बोल मले, पन वाहना काढाले नोको लावू, माय. तिथं दहा वर्सं अनवानी चाललो. काठाले समुद्रातले दगड असतात, कुऱ्हाडीवानी. सुटलो तवाच कानाले खडा लावला, आता पायातली वाहान काढाची नाई. बायको म्हन्ते, देवघरातबी घालून जातो मेला."

त्याचे घोटे सोजरबाईनं पाहिले. पांढऱ्या वळांनी भरलेले.

मग त्यानं पाण्यापलीकडे राखेची गोल रेघ ओढून बेट मांडलं. पालथं टोपलं म्हणजे डोंगर. मधोमध तांब्या ठेवून त्याच्याभोवती सात तुराट्या चाकाच्या आऱ्यांसारख्या लावल्या, तो जेल. पाण्यात एक फुटकी परात ठेवली.

"हे साहेबाईचं बेट. इथं त्याईचे बंगले, त्याईचं देऊळ, पावाची भट्टी. सांजच्याले बाजा वाजते. वाऱ्यासंगं पार आमच्या जेलालोक येते."

"अन् तुमी काय करता तवा?"

"काथ्या कुटतो. नाईतर कोलू. बैलाच्या जागी मानूस. दिवसाचं तेल ठरेल असते, कमी पडलं तर मार."

"जगदेवनं वढला कोलू?"

"सुरवातीले. सारेच वढतात."

सोजरबाई तुराट्यांपाशी वाकून उभी राहिली. तिच्या लेकाला बैलांचा नाद फार. पटाच्या बैलांना तो स्वतः उपाशी राहून ढेप घालायचा. तिनं एक तुराटी उगाच सरळ केली.

"पानी कसं दिसते तिथलं?"

"सकाळी हिरवं. अंबाडीच्या पाल्यावानी. उन्हं वर आली का निळं. जवस फुलल्यावर वावर दिसते ना, तसं. डोळा पोचते तिथलोक जवस."

"इतकं साजरं?"

"साजरंच हाये माय. तेच तर. कोलू वढता वढता झरोक्यातून ते दिसे. मले वाटे, काळंकुट्ट असतं तर बरं झालं असतं."

दारातून तुळसा दुसरी कळशी घेऊन आली. खळग्यांतलं पाणी मुरून गेलं होतं, ते तिनं भरलं आणि भिंतीशी टेकून उभी राहिली. डोक्यावरचा पदर तिनं दातांत धरला होता. सोजरबाईनं तिला आत हाकललं नाही.

"आता त्याचं घर दाव," सोजरबाई म्हणाली.

"घर असं इकडं." रामधन डोंगराला वळसा घालून निघाला. "सहा-सात वर्सं झाली का सरकार कैद्याले जमीन देते. करा अन् खा. जगदेवले बी देली. जेलातून निघालं का हा असा काठाकाठानं रस्ता. इथं नारळाचे झाडं, लय उंच. वारा आला का सारे एका अंगाले वाकतात. मग ओढा. ओढ्यापलीकडं त्याची झोपडी. दोन गाई हायेत. एक तांबडी. दूध बरं देते."

तो बोलत चालला होता आणि सोजरबाई त्याच्या मागे होती. अंगणाच्या कडेला शेवग्याची सावली पडली होती. तिथं काठाची राख डोंगराच्या अगदी जवळून जात होती. त्या सावलीशी येताच रामधनचे पाय वाहाणांतून बाहेर आले. तो गाईचंच बोलत होता. अनवाणी चार पावलं चालला. उजवा हात छातीपर्यंत वर गेला आणि खाली आला. मग मागं वाकून त्यानं वाहाणा उचलल्या, पलीकडे जाऊन घातल्या आणि म्हणाला, "ही झोपडी."

सोजरबाई जिथल्या तिथं थांबली.

"ध्यानात नाई आलं," ती म्हणाली. आवाज तिचाच होता, पण पातळ. "पुन्हा दाव. जेलापासून."

रामधन पुन्हा तुराट्यांपाशी गेला. पुन्हा रस्ता, पुन्हा नारळ. सोजरबाई आता त्याच्या तोंडाकडे पाहत नव्हती. शेवग्याची सावली आली. वाहाणा सुटल्या. तुटक्या नखांचे, पांढऱ्या वळांचे ते पाय ओल्या सारवणावर हळू पडले, कोणी निजलं असेल तिथून जावं तसे.

"थांब," सोजरबाई म्हणाली.

तो थांबला. तिची नजर जिथं होती तिथं त्यानं पाहिलं, आणि स्वतःचे उघडे पाय त्याला दिसले.

शेवग्यावर एक कावळा येऊन बसला, उडून गेला. भिंतीशी तुळसाच्या हातातली रिकामी कळशी जमिनीला लागून वाजली.

"तिथून समुद्र दिसते?" सोजरबाईनं विचारलं.

"दिसते."

"सावली हाये?"

"एक झाड हाये. मोठं."

"तू होता तवा?"

"होतो, माय. मीच होतो."

"बरं," सोजरबाई म्हणाली. गुडघ्यावर हात ठेवून ती ओट्यापर्यंत गेली आणि बसली. कपाळावर घाम आला होता, तो तिनं पदरानं टिपला. मग पुन्हा टिपला. कितव्या वर्षी, कशानं गेला, ते तिनं विचारलं नाही. रामधन वाहाणा हातात धरून तसाच उभा होता, आणि त्याला बस म्हणायचंही कोणाला सुचलं नाही.

उन्हं कलली तेव्हा बाहेर बैलांच्या घुंगरांचा आवाज आला. जानराव आत आला. राखेच्या रेघा, परात, टोपलं पाहून त्यानं भुवई चढवली.

"हे काय मांडलं, मावशी? म्हातारपनी भातुकली?"

"बस."

"बसाले नाई आलो. गाडी उभी हाये. हाच का तो मानूस? सांग रे बाप्पा, पंचाईले काय सांगू? हाये का गेला?"

रामधननं सोजरबाईकडे पाहिलं.

सोजरबाईनं तुळसाकडे पाहिलं. कोपरापर्यंत भरलेल्या हिरव्या बांगड्या. दर संक्रांतीला मालेगावच्या बांगडीवाल्या हाजराबीकडून सोजरबाईनं स्वतः भरून आणलेल्या, दराची घासाघीस करून, हाजराबीला शिव्या देऊन आणि तिच्या शिव्या खाऊन. अकरा संक्रांती. तो हात दगडावर ठेवायचा, दुसऱ्या दगडानं ठेचायचा, आणि कपाळ पुसायचं. गाव पाहायला येईल. मग वर्षभर तिला कोपऱ्यात बसवायचं.

"हाये," ती म्हणाली. "जिता हाये."

जानरावचा चेहरा पडला.

"पन त्यानं तिथं बाई केली," सोजरबाई पुढं म्हणाली. "जमीन भेटली, गाई भेटल्या, मग बाई केली. कैदीनच हाये ती बी. दोन लेकरं हायेत. यानं निरोप आनला, का तुळसाले मोकळी करा म्हून. इचार याले."

जानराव रामधनकडे वळला. "खरं हाये का रे?"

रामधननं हातातल्या वाहाणांकडे पाहिलं.

"खरं हाये," तो म्हणाला. "दोन पोरं. थोरला..." तो थांबला. "थोरला बापावानीच दिसते. चालनं बी तसंच."

सोजरबाईनं मान फिरवली.

जानरावच्या तोंडावर हसू आलं, ते त्याला लपवता आलं नाही. "चावडीत तर म्हन्त होत्या, माहा लेक बाईल टाकनाऱ्या जातीचा नाई. शेन भरनार होत्या तोंडात."

"म्हनलं होतं."

"मग?"

"चुकलं."

हा शब्द गावानं तिच्या तोंडून कधी ऐकला नव्हता. जानराव गाडीकडे निघून गेला.

तुळसा ओट्यापाशी आली. "आत्याबाई, मी नाई जात."

"नाई जाशीन तर काय करशीन? टाकेल बाई घरात ठेवून मी लोकाईले तोंड दावू?" सोजरबाईचा आवाज चढला आणि मधेच फाटला. "लुगडं बांधून घे. खनाची चोळी ट्रंकेत हाये, ते बी घे. अन् गाडीत हात सांभाळून बस. फळीवर आपटून बांगड्या नोको पिचवू."

"पानी कोन भरीन?"

"माहे हात तुटले नाईत अजून."

तुळसा आत गेली. बाहेर आली तेव्हा काखेत गाठोडं होतं आणि कपाळावर ताजं कुंकू. ती वाकली, सोजरबाईच्या पायांवर डोकं टेकलं आणि लवकर उचललं नाही. सोजरबाईनं तिच्या पाठीवर हात ठेवला, मग तोच हात मागं घेऊन म्हणाली, "चाल, बैल ताटकळले."

ओट्यापासून फाटकाची वाट सरळ होती, समुद्रातून आणि शेवग्याखालून. तुळसा निघाली. ओल्यातून गेली, परातीला वळसा न घालता तिच्या कडेवरून पाय टाकला, तुराट्या ओलांडल्या. शेवग्याची सावली आता लांब झाली होती. तिथं ती थांबली. मागं वळून पाहिलं नाही. गाठोडं दुसऱ्या काखेत घेतलं, पदर दोन्ही खांद्यांवरून ओढून घेतला आणि भिंतीच्या अगदी कडेकडेनं, सावलीला पुरता वळसा घालून ती फाटकापाशी गेली.

सोजरबाईनं ते पाहिलं. रामधननंही पाहिलं.

घुंगरं वाजत लांब गेली. रामधन खाली बसून राख गोळा करू लागला तशी सोजरबाई म्हणाली, "राहू दे ते."

ती उठली. विहीर परसात होती आणि रहाट जड होता. बऱ्याच वेळानं अर्धी कळशी घेऊन ती धापा टाकत परतली. खळगे कोरडे पडत आले होते. तिनं वाकून ते एकेक करून पुन्हा भरले.