कारण : ससा

खांब २९. कारण : ससा.

"ओढ," एर्नो म्हणाला.

काल्मानने ओढली. तार निघेना.

"आधी खांबाला पाय लाव, मग ओढ. दात उपटायचाय, पांढरा केस नाही."

काल्मानने खांबाला बूट टेकवला. तार करकरत सुटली आणि दोघांच्या मधे गवतात जाऊन पडली. पंधरा वर्षांत एर्नो त्याच्याशी पहिल्यांदाच बोलला होता, आणि बोलला ते हे.

१९८९चा जून. ऑस्ट्रियाच्या सीमेलगत, क्योसेग गावाच्या वरचं रान. वरून हुकूम आला होता की कुंपण काढून टाका. हेच कुंपण एर्नोने चोवीस वर्षं सांभाळलं होतं. तारेला कुणी शिवलं की चौकीत घंटा वाजायची, फळीवर खांबाचा आकडा पेटायचा. पुढे शिपाई आणि कुत्री धावायची, मागून पक्कड घेऊन एर्नो. परत आल्यावर वहीत नोंद : खांब, वेळ, कारण.

कारण बहुतेक वेळा ससाच असायचा.

खांब ३०. कारण : हरीण. वारा. हरीण. ससा.

खांब उपटायला वखारीतून चार माणसं पाठवली होती. तिघं ट्रॅक्टरपाशी खाली. चौथा काल्मान, एर्नोचा शेजारी. दोघांच्या अंगणांमधे एकच भिंत. एकवीस वर्षांचा असताना तो इथे कुंपणाला शिवला, पकडला गेला आणि अठरा महिने तुरुंगात राहून परत आला. तेव्हापासून भिंतीपलीकडून करवतीचा आवाज यायचा, शब्द नाही.

यादीत त्याचं नाव पाहिल्यावर एर्नोला जेवण गेलं नव्हतं.

"सांगून टाक त्याला," इल्का म्हणाली होती. नवऱ्याच्या पोटात काय आहे ते फक्त तिला ठाऊक होतं.

"आणि मग?"

"मग काय? मारेल एखादी. तू काय लोण्याचा आहेस?"

"मारण्याचं नाही गं. समोर राहायचंय जन्मभर."

"आत्ता तरी कुठं राहताय समोर? दोघंही भिंतीकडं पाठ करून राहताय." तिने त्याची ताटली उचलली. "सूप गार झालं. मी काही परत तापवणार नाही."

खांब ३१ ते ३२. कारण :

काल्मान थांबला.

"इथंच ना?"

एर्नोने पक्कड खिशात घातली. मग पुन्हा बाहेर काढली.

"हो."

"मला बत्तीसच्या पुढचं वाटत होतं." काल्मान खांबांकडे बघत होता. "धुकं होतं. पहाट. मी इथून बघून गेलो होतो ना, आदल्या चार दिवसांत तीन वेळा. लाकडं गोळा करायच्या निमित्तानं. इथं खाली खळगा होता, सशांनी उकरलेला. पोटावर सरपटत गेलं तर तारेला न शिवता पार. अंधारात खांब मोजत आलो. एकतीसला आडवा झालो, हातानं चाचपलं, तर खळगा नाहीच. म्हटलं चुकलो. म्हणून सरकलो पुढं." त्याने तळहात तारेजवळ नेला, शिवला नाही. "आणि वाजली."

एर्नोने बुटाच्या टोकाने खांबाच्या बुडाची माती उकरली.

"आई मरेपर्यंत म्हणायची, माझ्या पोराला पळून जायची अक्कल आहे, पण एकतीसपर्यंत मोजता येत नाही. अख्ख्या वखारीत पसरलं होतं ते. फळ्या मोजायच्या असल्या की मला सोडून सगळ्यांना बोलावतात. अजून."

"काल्मान."

"काय?"

"तू चुकला नव्हतास."

वरच्या बाजूला कोकीळ ओरडत होता. थांबला, पुन्हा ओरडला.

"खळगा इथंच होता," एर्नो म्हणाला. "मी बुजवला. आदल्या दिवशी दुपारी. माझी पाळी चारला संपली होती. सायकलवर टांग टाकली आणि मला तो दिसला. उद्या केलं असतं तरी कुणी विचारलं नसतं. पण मला ते... अर्धवट काम टाकून घरी जायला मला जमत नाही. दगड भरले, माती भरली, वरून एक तार जास्तीची ओढली. साडेचार वाजले."

"साडेचार."

"तू मोजलंस ते बरोबर होतं. एकतीस म्हणजे एकतीसच."

काल्मान खाली बसला. बराच वेळ तो गवत उपटत राहिला, मुठीमुठीने. एर्नो उभा होता. हात कुठे ठेवावेत हे त्याला कळत नव्हतं.

"पंधरा वर्षं हे घेऊन बसला होतात?"

"हो."

"मग भिंतीवरून सांगायला काय झालं होतं?"

"लाज वाटत होती."

"मला वाटायचं तुम्हाला माझी लाज वाटते. पळपुट्याचा शेजार."

"अरे, नाही रे."

काल्मान हसला. नीटसं नाही, नाकातून. "म्हणजे मला मोजता येतं."

"उत्तम येतं."

"हे वखारीत येऊन सांगाल?"

"सगळ्यांसमोर सांगेन. उद्याच."

खांब ३२. कारण : हरीण.

दोघांनी बत्तिसावा खांबही उपटला, कारण तो उपटायचा होता. घाम पुसताना काल्मानने पलीकडच्या झाडीकडे मान केली.

"ही झाडं ऑस्ट्रियाची ना? तेवढी तरी मी त्या पहाटे बघितली."

एर्नोचं एक सांगून झालं होतं, आता दुसरं.

"ही आपलीच आहेत. सीमा इथं नाही. अजून दोन किलोमीटर. पांढरे दगड आहेत रानात. कुंपण मुद्दाम अलीकडं घातलं होतं, म्हणजे पळणाऱ्याला वाटावं की पोचलो."

काल्मानने झाडीकडे पुन्हा पाहिलं.

"म्हणजे शिवलो नसतो तरी पोचलो नसतो?"

"चालावं लागलं असतं."

"एवढंच ना. चालता येत होतं मला." त्याने कोट खांद्यावर टाकला. "चला काका, दाखवा."

पायवाट नव्हतीच. चोवीस वर्षांत एर्नो तारेच्या पलीकडे आला होता तो बंदूकवाल्या शिपायासोबत, आणि तेही शंभर पावलं. आता तो पुढे चालत होता आणि वाट त्यालाही ठाऊक नव्हती. दोनदा ते ओढ्यात उतरले. एकदा काल्मानने त्याला हात धरून वर घेतलं आणि वर आल्यावरही जरा वेळ सोडला नाही.

दगड गुडघ्याएवढा होता, शेवाळलेला. पलीकडे तसंच रान, तीच झाडं. पुढे उतार आणि ऊन.

"जा," एर्नो म्हणाला.

"तुम्ही?"

"माझे गुडघे दुखतात. तू जा. मी बसतो."

काल्मानने दगडाला वळसा घातला. त्याला ओलांडून जायचं त्याच्या मनात आलं नसावं. तो उताराने खाली गेला. आधी पाय दिसेनासे झाले, मग टोपी.

एर्नो दगडाला टेकून बसला. त्याने घड्याळ काढून खिशात ठेवलं. काल्मान परत आला नाही, तर ट्रॅक्टरपाशी काय सांगायचं याचा त्याने विचार केला. काहीही सांगायचं नाही, असं ठरवलं. ऊन दगडावरून त्याच्या मांडीवर आलं, मांडीवरून गवतात गेलं.

मग झाडीत फांदी मोडली. काल्मान उतार चढून येत होता, बोडका, टोपी दोन्ही हातांनी धरून, सांडू नये म्हणून हळूहळू. टोपीत रानटी स्ट्रॉबेऱ्या होत्या.

"खाऊन बघा," तो धापा टाकत म्हणाला. "तिकडच्या पण आंबटच आहेत."

एर्नोने एक घेतली. काल्मान शेजारी बसला, टोपी दोघांच्या मधे ठेवली, आणि ती संपेपर्यंत कुणी उठलं नाही.