माग थांबल्यावर

प्रणयनं कानाला हेडफोन चढवले आणि रूपानं मांडीवरचं लेकरू जवळ ओढलं.

तिचा हा धाकटा दीर सिनेमांचं ध्वनिमुद्रण करायचा. पैठणच्या एका विणकरणीवरचा हा त्याचा पहिलाच मोठा सिनेमा. शुक्रवारी लागला आणि रविवारी उतरलाही. निम्म्या शहरानं तो मोबाइलवर फुकटात पाहून टाकला होता. निर्मात्यानं प्रणयला बजावलं होतं, "चोरीची कॉपी नीट ऐक. आवाजावरून चोर सापडेल."

"मुडदा बशिवला त्या चोराचा!" खाटेवरून प्रणयची आई, चंपाबाई कडाडली. पाय मोडल्यापासून ती अंथरुणालाच होती.

लहानग्या करुणाला मांडीवर घेऊन रूपा मेथी निवडत होती. तिनं मान वर केली नाही. सासूला लेकाचा सिनेमा पाहता येईना, म्हणून पहिल्याच खेळाला रूपानंच पदराआडून तो अख्खा मोबाइलवर उतरवून आणला होता. म्हातारी हरखली. इतकी, की वैजापूरच्या बहिणीलाही धाडला, 'आपल्या प्रणयचा हाय, बघ.' बहिणीनं कौतुकानं आणखी दहा जणांना दाखवला. आपण पाहिला तो सिनेमा आणि ही चोरीची कॉपी एकच, हे चंपाबाईच्या अजून ध्यानातही आलं नव्हतं.

"विणकरणीचा माग थांबतो ना, तिथवर आलो," प्रणय म्हणाला. "वहिनी, ह्या शांततेसाठी लई राबलोय मी. पंखा बंद केला, कुत्रं हाकललं, तिच्या घरातल्या म्हातारीचा खोकला थांबायची वाट पाहत बसलो."

थोडं मागं नेऊन त्यानं पुन्हा ऐकलं. तिथं काय आहे ते रूपाला पक्कं ठाऊक होतं. माग थांबताच थिएटरात करुणा दचकून रडली होती, आणि तिच्या कानाशी रूपा कुजबुजली होती, 'झालं, झालं, माझी चिमणी.'

प्रणयनं हेडफोन काढले. रूपाकडं पाहिलं नाही. करुणाच्या इवल्या तळपायावर बोट फिरवत राहिला.

"घावलं का काही?" चंपाबाईनं विचारलं.

"नाय. कुणाचं तरी लेकरू रडतंय."

तेवढ्यात निर्मात्याचा फोन आला. प्रणय म्हणाला, "नाय सर, आवाजावरून काहीच कळंना."

"मग तुला ठेवलाय कशाला?" पलीकडचा आवाज खोलीभर ऐकू आला. "पुढच्या सिनेमाला मी दुसरा माणूस बघतो."

प्रणय खाली मान घालून ऐकत राहिला. त्यानं आपल्याला शिव्या घातल्या असत्या तर रूपाला सोसल्या असत्या. हे सोसवेना. मेथीची जुडी बाजूला सारून तिनं हात पुढं केला.

"भावजी, द्या तो फोन."

"वहिनी, राहू द्या."

"द्या म्हणते ना."

तिनं फोन कानाला लावला. खाटेवरून सासू बघत होती. "हॅलो," रूपा म्हणाली, आणि तिचा आवाज नेमका तसाच दबका निघाला, थिएटरात निघाला होता तसा.