पाद्रीबुवांचं सोन्याचं नाव

"खरवड म्हटलं ना, खरवड!" पुस्तकवाल्या गोतिए मालकांनी कातड्याचं शेवटचं पान पेरोनेलपुढे आपटलं. "ऑदबाईंचं नाव काढ आणि तिथं पाद्री बार्तेलेमींचं घाल. सोन्यात!"

पेरोनेलचा चाकू हलेना. पॅरिसमधल्या या दुकानात ती वीस वर्षं अक्षरं रंगवत होती, पण ऑदबाईंसारखी बाई तिनं पाहिली नव्हती. डोळे गेलेले, दात उरलेले तीन, आणि अख्खा हिवाळा तोंडातून नुसत्या कविता! बगळ्याशी संसार थाटणारी गिरणीवाली काय, नवऱ्याचा आवाज मडक्यात कोंडणारी राणी काय! लेखनिक उतरवून घ्यायचा आणि हसता हसता पेरोनेलचा रंग सांडायचा. अशा बारा काव्यकथा, आणि अगदी शेवटी नाममुद्रा: 'हे ऑदनं रचलं, तिला विसरू नका.'

"पण मालक, रचलं तर त्यांनीच..."

"पुस्तक पाद्रीबुवा घेतायत, आणि त्यांना ते स्वतःचं म्हणून हवंय. तुला जमत नसेल तर बाराही कथा खरवडतो. कातडं झकास आहे, वर प्रार्थना लिहिता येतील."

पेरोनेलनं नाव खरवडलं. इथल्या लिपीत 'ऑद' म्हणजे चारच अक्षरं. तेवढ्यात पाद्रीबुवा मावेनात. मग तिनं 'तिला विसरू नका' हेही खरवडलं. खडू-सरसाच्या लेपानं फुगीर अक्षरं काढली. सोन्याचा वर्ख चिकटायला लेपावर तोंडाची ऊब लागते, म्हणून ती नळीतून फुंकत राहिली. स्वतःच्या श्वासानं तिनं त्या माणसाचं नाव पक्कं केलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी पान घेऊन ती धर्मशाळेत गेली. नाव घातलं की पान घेऊन येईन, असं वचनच दिलं होतं तिनं. ऑदबाई खाटेवर खोकत होत्या.

"आलीस का गं भवाने? मी मरायची वाट बघत होतीस होय? घातलंस नाव?"

"घातलं, बाई."

"वाच बघू."

पेरोनेलनं पानाकडे न बघता जुनी ओळ म्हटली, 'विसरू नका'सकट.

"आता माझं बोट ठेव माझ्या नावावर."

बोट फुगीर सोन्यावरून सरकू लागलं. एक, दोन, तीन, चार... पाच. थांबेचना. ओळ संपेपर्यंत गेलं, परत सुरुवातीला आलं, पुन्हा गेलं.

"लांबलंय गं माझं नाव," ऑदबाई म्हणाल्या.

"सोनं... पसरतं जरा, बाई."

ऑदबाईंचं बोट पुन्हा पहिल्या अक्षरावर येऊन थांबलं.

"बगळ्याची कथा आहे ना त्यात?"

"आहे. बाराही आहेत. एक शब्द हलला नाही."

"बरं झालं," ऑदबाई म्हणाल्या. "छान काढलंयस हो."

बोटाला वर्खाचा एक कण चिकटला होता. त्यांनी तो सावकाश घोंगडीला पुसला.