सासर नावाचा सर्व्हर

सर्व्हरला नाव ठेवणं आणि माणसांना नावं ठेवणं, ही दोन्ही कामं ताईला सारखीच छान जमायची. बाकीची टीम आपापल्या डीबगरमध्ये, म्हणजे कोडमधले दोष शोधायच्या टूलमध्ये, सर्व्हरच्या जोडण्यांना एक, दोन, तीन असे आकडे देऊन मोकळी व्हायची. ताईच्या यादीत दोनच ओळी होत्या. चाचणीच्या सर्व्हरचं नाव माहेर, कारण तिथे कितीही पसारा घाला, कोणी काही बोलत नाही. चालू सर्व्हरचं नाव सासर. तिथे पाऊल जपून टाकायचं, आणि ब्रेकपॉइंट तर चुकूनही लावायचा नाही. ब्रेकपॉइंट म्हणजे चालता कोड मध्येच थांबवून आत डोकावणं. माहेरी तो हवा तितका वेळ थांबवावा. पण सासरवरून अकरा रुग्णालयांच्या रक्ततपासणीचे रिपोर्ट जायचे, तिथे कोड थांबला की सगळेच थांबले.

हा सर्व्हर ताईने सहा वर्षं सांभाळला होता. घरी नवरा म्हणायचा, "माझा वाढदिवस विसरतेस, त्याचा पहाटेचा अपडेट विसरत नाहीस." ते खरंच होतं, आणि ताईला त्याचं वाईटही वाटत नसे.

धाकटी तिची बहीण नव्हे. पण आठ वर्षांपूर्वी एक बॅग आणि चार वर्षांची मुलगी घेऊन ती ताईच्या दारात उभी राहिली, आणि पुढचे सात महिने मागच्या खोलीत राहिली. त्या खोलीत बसून तिने ताईला सगळं सांगितलं. कुलूप कोण लावायचं, जेवण कोण बंद करायचं, पाठीवरचा डाग कशाचा. ताईने ते नवऱ्यालासुद्धा सांगितलं नाही. तेव्हापासून सासर हा शब्द धाकटीच्या तोंडून गेला तो गेलाच. सांगायची वेळ आलीच तर ती 'ते घर' म्हणायची आणि विषय बदलायची. पुढे ताईनेच शब्द टाकून तिला या ऑफिसात लावलं, आणि गेल्या महिन्यात साहेबांच्या मागे लागून आपल्या टीममध्ये ओढून घेतलं. ऑफिसातले सगळेही तिला धाकटीच म्हणायला लागले. साहेबांसकट.

टीममध्ये आली, पण धाकटीची स्वतःची की काही येईना. की म्हणजे सर्व्हरसाठी आपली ओळख पटवणारी फाइल. ती सुरक्षा विभागाकडून यायची, आणि त्या विभागाला घाई हा शब्द शिवलेला नव्हता. "मंगळवारी मिळेल," असं ते तीन मंगळवार म्हणाले.

"ताई, तुझीच सेटिंग दे ना तोवर," धाकटी म्हणाली. "मी नुसती बसून राहिले तर साहेब मला परत पाठवतील."

ताईने आपल्या जोडण्या एका फाइलमध्ये काढल्या. पत्ता, पोर्ट, ओळख पटवण्याची पद्धत. शेवटी टूलने विचारलं, ओळखीची माहिती, म्हणजे कीसुद्धा, सोबत द्यायची का? नियम असा की समोरच्या चौकोनातली बरोबरची खूण काढायची. ताई हा नियम सगळ्यांना घोकून घ्यायला लावायची. त्या दिवशी तिने ती तशीच ठेवली. त्यात आणखी एक आळस आधीचाच होता: माहेर आणि सासर, दोन्ही दारं ताईच्या एकाच किल्लीने उघडायची.

"माहेरी काय करायचं ते कर. सासरला हात लावायचा नाही," ती म्हणाली.

धाकटीने फाइल आपल्या लॅपटॉपवर घेतली. यादीत दोन ओळी उमटल्या. दुसरी ओळ वाचून तिचा चेहरा उतरला. तिने त्या ओळीवर उजवं बटण दाबलं, नाव पुसलं आणि लिहिलं, ते घर. ताईला आपल्याच जिभेची लाज वाटली. गंमत म्हणून दिलेलं नाव कोणाला कुठे लागेल याचा विचार तिने कधी केला नव्हता. तिने धाकटीच्या पाठीवर हात ठेवला, आणि दोघी कामाला लागल्या.

दोन आठवड्यांनी, गुरुवारी सकाळी सव्वाअकराला, रिपोर्ट थांबले. एकोणीस मिनिटं. एका रुग्णालयात पेशंटला टेबलावर घेऊन डॉक्टर रक्तगटाची वाट बघत उभे राहिले. सुदैवाने कोणाचं काही बिघडलं नाही, पण त्यात कोणाची हुशारी नव्हती. चालू सर्व्हरवर कोणीतरी ब्रेकपॉइंट लावला होता. माहेर समजून लावला असावा. दोन ओळी खालीवर, बोट घसरायला कितीसा वेळ लागतो? घाबरलेल्या माणसाने मग जोडणी न तोडता नुसतं टूल बंद केलं असणार, म्हणून कोड थांबला तो थांबलाच. शेवटी ताईनेच शोधून तो सोडवला.

शुक्रवारी सकाळी साहेबांनी मीटिंग घेतली. भिंतीवरच्या पडद्यावर त्या ब्रेकपॉइंटची सर्व्हरमधली नोंद लावली होती. ऑफिसातल्या सगळ्या मशीन एकाच दारातून बाहेर पडत असल्याने मशीन कुठली ते कळत नव्हतं. नोंदीत दोनच गोष्टी होत्या. की कोणाची: ताईची. आणि टूलने पाठवलेलं जोडणीचं नाव: ते घर.

 नाव वाचलं आणि ताईचा जीव भांड्यात पडला. आता धाकटी बोलेल, असं तिला वाटलं. धाकटी पडद्याकडे बघत होती. बोलली मात्र नाही.

"हे 'ते घर' काय प्रकरण आहे?" साहेबांनी विचारलं. त्यांनी एकेकाकडे बघून घेतलं. "ठीक आहे. वीस मिनिटांनी परत बसू. सगळ्यांनी लॅपटॉप आणा."

मधल्या वेळात ताई खिडकीशी जाऊन उभी राहिली. सगळ्यांसमोर एकदम बोलणं जड जात असेल, तिने मनात धाकटीची बाजू घेतली. अशी बाजू घ्यायची तिला आठ वर्षांची सवय होती. थोड्या वेळाने धाकटी चहाचे दोन कप घेऊन आली. काखेत लॅपटॉप होता.

"घाबरू नकोस ताई," ती म्हणाली. "मी आहे ना."

ताईचे डोळे भरून आले. वेडी कुठली.

मीटिंग परत सुरू झाल्यावर ताईने आधी आपली चूक सांगून टाकली. "की माझी आहे. मी ती फाइलसकट धाकटीला दिली होती, खूण न काढता. तो दोष माझाच. पण काल रिपोर्ट थांबायच्या आधी मी सासरला गेलेच नव्हते."

एकजण खुसखुसला. साहेबांनी त्याच्याकडे बघितलं तसा गप्प झाला. मग ते धाकटीकडे वळले.

"घेतली होती मी फाइल," धाकटी म्हणाली. आवाज अगदी सरळ. "पण मी माहेर सोडून कुठे गेलेच नाही, साहेब."

"नाव हिने बदललं होतं," ताई म्हणाली. "माझ्यासमोर बदललं. ते घर असं लिहिलं."

"मी कशाला बदलू?"

"दाखव बरं," साहेब म्हणाले.

धाकटीने लॅपटॉप सगळ्यांकडे फिरवला. यादीत दोन ओळी होत्या. माहेर. आणि खाली, स्वच्छ अक्षरांत, सासर.

ताईने ती ओळ दोनदा वाचली. आठ वर्षं जो शब्द हिच्या ओठांवर आला नाही, जो यादीत दिसला म्हणून हिचा चेहरा उतरला, तो हिने वीस मिनिटांच्या सुट्टीत स्वतःच्या हाताने लिहिला होता. लिहून झाल्यावर चहा आणला होता.

"नाव काय, कोणालाही दोन सेकंदांत बदलता येतं," मीटिंगला आलेला सुरक्षा विभागाचा माणूस म्हणाला, आणि बघत होता तो ताईकडे. "तुमच्याही यादीत आता सासरच आहे ना, ताई?"

"पण ती कशाला बदलेल? काही कारण?" साहेबांनी ताईला विचारलं.

कारण होतं. ताईच्या जिभेच्या टोकावर होतं. कुलूप, जेवण, पाठीवरचा डाग. ते सगळं या टेबलाभोवतीच्या सहा पुरुषांसमोर मांडलं की झालं. तिने धाकटीकडे बघितलं. धाकटी मान खाली न घालता तिच्याकडेच बघत होती, आणि त्या नजरेत भीती नव्हती. ताई सांगणार नाही, हे तिला पक्कं ठाऊक होतं. ताईच्या चांगुलपणाचा हिशोब करूनच तिने केसाने गळा कापला होता.

"मला माहीत नाही," ताई म्हणाली.

निकाल सोपा होता. ताईचा चालू सर्व्हरवरचा प्रवेश आजपासून बंद. त्याची जबाबदारी आता कोणाकडे द्यायची, हेही साहेबांनीच ठरवलं. "धाकटीला तुम्हीच तयार केलंय ना? तिच्याकडेच द्या. तिची की आजच आलीय."

इतके मंगळवार हुकवून सुरक्षा विभागाने शेवटी शब्द पाळला, तोही शुक्रवारी.

बाहेर पॅसेजमध्ये धाकटीने तिला गाठलं. "ताई, पुढच्या महिन्यात पोरीच्या ताब्यासाठी कोर्टाची तारीख आहे. नोकरी गेली असती तर त्या घरातल्यांनी तिला नेलं असतं. तुझं काय, तुला कोणी काढणार नाही. सहा वर्षं झाली तुला."

"काल सव्वाअकराला माझ्याकडे आली असतीस," ताई म्हणाली, "आणि एवढंच बोलली असतीस, तर मी स्वतः जाऊन सांगितलं असतं, मीच लावला म्हणून. तेवढं तरी ओळखायला हवं होतंस मला."

धाकटी रडायला लागली. ताईला तिचं रडणं नीट माहीत होतं; खरं होतं ते. म्हणून राग कमी झाला, असं काही झालं नाही.

"चल," ती म्हणाली. "दुपारच्या आत द्यायचंय सगळं."

दोघी धाकटीच्या टेबलाशी बसल्या. आधीच्या दोन्ही ओळी ताईने तिला पुसायला लावल्या, कारण त्यांत तिची की होती. मग नव्याने जोडणी. ताई सांगत गेली, धाकटी भरत गेली. पत्ता. पोर्ट. ओळख पटवण्याची पद्धत, की. फाइल कुठली, तुझी. पासवर्ड लक्षात ठेवायची खूण काढ. जोडणी तपासून बघ. हिरवा दिवा लागला. उद्यापासून पहाटेचा अपडेटही हिनेच बघायचा, ताईच्या मनात आलं, आणि ती वेळ कशी घालवायची ते तिला सुचेना.

वरचा पहिलाच रकाना तेवढा रिकामा राहिला होता. नाव.

धाकटीने डोळे पुसले. बोटं कीबोर्डवर गेली आणि तिथेच थांबली. मग तिने टाइप केलं, ते.

"ते नको," ताई म्हणाली. "सासर लिही. आता येतं तुला."