फाटकाची सुनावणी

न्यायाधीश झाल्यावर तरी लोक पिच्छा सोडतील, अशी फिंटन मुलविहिलची भाबडी समजूत होती. आधी बॅरिस्टर, मग खासदार म्हणून त्याने आपल्या क्लेअर परगण्यात घरोघरी चहा ढोसला, एकही मयत चुकवली नाही. आणि सरकारने न्यायाधीश नेमून त्याला पाठवलं ते पुन्हा तिथेच! कोर्टात उभा राहील तो ओळखीचा. 'मी याला ओळखतो' म्हणत खटले सोडून सोडून तो अगदी जेरीस आला होता.

आज ब्रीज हॅनराहन उभी होती. म्हातारी ऐंशीच्या पुढची. शेजारच्या क्वर्कने तिच्या घराच्या वाटेवर फाटक घालून कुलूप ठोकलं होतं. जळणाची गाडी येईना, डॉक्टर येईना. आज सुनावणी झाली नाही, तर दुसरा न्यायाधीश येणार हिवाळा सरल्यावर.

"साहेब या बाईंना ओळखतात का?" क्वर्कच्या वकिलाने विचारलं.

फिंटनने तोंड उघडायच्या आत ब्रीज कडाडली, "ओळखतो कसला! जन्मात याला मत दिलं नाही मी!"

कोर्टात हशा पिकला. फिंटनच्या प्रत्येक निवडणुकीत तिने दारोदार पत्रकं वाटली होती, हे शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. वकीलसुद्धा हसून खाली बसला. आता फिंटन नुसता गप्प बसला असता, तरी खटला चालला असता. फिंटनला तिचा राग आला, वकिलाचा आला, त्याहून जास्त स्वतःचा.

"ब्रीजबाई, खोटं बोलू नका," तो वैतागून म्हणाला. "तुमच्या जिवावर निवडून आलो मी. हा खटला मला चालवता येणार नाही."

बाहेर व्हरांड्यात ती त्याची वाट पाहत थांबली होती.

"चल ब्रीज, गाडीने घरी सोडतो."

"घरी? का फाटकापर्यंत?"

"अगं, कायदाच तसा आहे. मी काय करू?"

"कायदा मला नको शिकवूस! कॅसिडीच्या पोराला वशिल्याने नोकरीला चिकटवलंस, पाद्रीबाबांच्या दारापर्यंत डांबर टाकून घेतलंस, तेव्हा कुठे गेला होता तुझा कायदा?"

"तेव्हा मी राजकारणात होतो."

"हो का? मग प्रामाणिक व्हायला तुला बरी मीच सापडले रे!"

फिंटनने खिशातून गाडीची किल्ली काढली. पण ती डोक्याला रुमाल बांधून पायीच निघाली.